जेली सेटच होत नाहीये! वाचकांचे प्रश्न आणि त्यांची उत्तरं

फळांच्या गार जेलीबद्दल इतके प्रश्न साठलेत की या वेळचा सगळा कॉलम तिलाच देऊन टाकला. सगळे प्रश्न एकापाठोपाठ वाचले तर कळतं की गडबड मापात कमी आणि गॅसपाशी जास्त होतेय, म्हणजे जे तापवायला नको ते लोक खळखळ उकळतायत आणि जे तापवायलाच हवं ते कच्चंच घालतायत. जेलीत एवढं एक सांभाळलं ना, की बाकी फार काही करावं लागत नाही. तर चला.

ताई, मी कॉलेजला आहे, स्वयंपाकातलं फारसं येत नाही. जिलेटिनची पावडर आणलीय पण पाकिटावर धड काही लिहिलेलंच नाही. अगदी पहिल्यापासून सांगाल का?

सांगते की. पाकिटावर लिहिलेलं असलं तरी ते इतक्या बारीक अक्षरात असतं की वाचेपर्यंत भूक मरते, त्यामुळे तू हेच कापून ठेव.

अर्धा लिटर म्हणजे ५०० मिली फळांचा रस घे, संत्र्याचा, द्राक्षाचा, डाळिंबाचा, सफरचंदाचा, जो आवडेल तो. जिलेटिन १० ग्रॅम, वजनकाटा नसेल तर साधारण सपाट ३ टीस्पून. साखर तीन-चार मोठे चमचे, रस आधीच गोड असेल तर कमी. लिंबाचा रस एक छोटा चमचा, आणि चिरलेली फळं दीड-दोन वाट्या. एवढ्यात साच्यातून उलटी काढता येईल इतकी घट्ट जेली होते. ग्लासात किंवा बाऊलमध्येच सेट करून तशीच चमच्याने खायची असेल तर ७ ग्रॅम पुरे, आणि मला विचारशील तर तीच जास्त छान लागते, तोंडात ठेवली की विरघळते.

आता कृती. ५०० मिलीतला पाव वाटी गार रस एका वाटीत घ्यायचा आणि त्यावर जिलेटिन भुरभुरवायचं, एकाच जागी ढीग करायचा नाही, सगळीकडे पसरून टाकायचं. मग ५ ते १० मिनिटं हात लावायचा नाही. दाणे रस पिऊन फुगतात आणि वाटीतलं सगळं मिळून एक थुलथुलीत गोळा होतो, चमचा घातला तर तो अख्खाच उचलला जातो. असं झालं म्हणजे जिलेटिन फुललं. तोपर्यंत उरलेल्या रसातला साधारण एक वाटी रस साखर घालून पातेल्यात तापत ठेव, कडेला बारीक बुडबुडे आले आणि वाफ दिसायला लागली की गॅस बंद. बंद केल्यावर मग तो फुललेला गोळा आत टाकायचा आणि हलक्या हाताने ढवळत राहायचं. फेटायचं नाही, फेटलं की फेस होतो आणि तो फेस वर पांढरा थर होऊन बसतो.

विरघळलं की नाही हे नुसतं वरून बघून कळत नाही. चमचा बुडवून बाहेर काढ, उजेडात तिरका धर आणि त्याच्या पाठीवरून ओघळणारा रस बघ. पारदर्शक बारीक कण सरकताना दिसले तर अजून ढवळ, गरज वाटली तर पातेलं गरम पाण्याच्या भांड्यावर मिनिटभर धर. हे कण तसेच राहिले तर दोन तोटे, एक तर खाताना दाताखाली येतात आणि दुसरं म्हणजे तेवढं जिलेटिन वाया गेलेलं असतं, म्हणून जेली सैल होते आणि आपण बसतो मापाला दोष देत.

सगळं विरघळलं की उरलेला गार रस आणि लिंबू घालून गाळून घे. गार रस शेवटी ठेवायचं कारण एवढंच की मिश्रण पटकन निवतं आणि सगळा रस तापवावा लागत नाही त्यामुळे फळाचा ताजा वासही राहतो. चव बघ, आत्ता थोडी जास्तच गोड लागली पाहिजे कारण गार पदार्थ कमी गोड लागतो. मग फ्रिजमध्ये. फळं कधी घालायची ते खाली फळं तळाशी बसण्याच्या प्रश्नात आलंय. निदान चार तास, घाई नसेल तर रात्रभर. जेली चार तासांनी झालेली दिसली तरी पुढचा जवळजवळ दिवसभर ती हळूहळू घट्ट होतच असते, त्यामुळे साच्यातून काढायची असेल तर आदल्या रात्रीच करून ठेव.

अननसाची जेली केली. ताजं गोड अननस, माप बरोबर, जिलेटिन चांगलं विरघळलेलं, रात्रभर फ्रिजमध्ये ठेवली आणि सकाळी बघते तर नुसता रस! जिलेटिन खराब होतं का?

नाही हो, जिलेटिन बिचारं चांगलंच होतं, ते अननसाने खाल्लं. आणि हे अक्षरशः खरं आहे.

जिलेटिन म्हणजे प्रोटीन. त्याचे लांबलचक धागे गार झाले की एकमेकांत गुंततात, त्यांची जाळी तयार होते, रस त्या जाळीत अडकतो आणि आपण म्हणतो जेली सेट झाली. कच्च्या अननसात ब्रोमेलेन नावाचं एन्झाइम असतं आणि प्रोटीनचे तुकडे करणं हेच त्याचं काम. धागेच तुकडे तुकडे झाले तर जाळी कशाची होणार? मग रात्रभर ठेवा नाहीतर आठवडाभर ठेवा, ते सेट होणार नाही आणि जिलेटिन दुप्पट घातलं तरी ब्रोमेलेन तेही कापत बसणार. कच्चं अननस जास्त खाल्लं की जीभ चुरचुरते त्यातही याच एन्झाइमचा हात असतो.

अननस एकटंच नाही. किवीत ॲक्टिनिडिन, पपईत पपेन, अंजिरात फिसिन असतं, आणि आल्यातही असंच एक असतं, म्हणजे आल्याचा कच्चा रस घालून झणझणीत जेली करायचा विचार असेल तर तिथेही हाच घोटाळा.

उपाय सोपा आहे, तापवा. एन्झाइम हेसुद्धा प्रोटीनच, उष्णतेने ते निकामी होतं. अननसाचे छोटे तुकडे त्यांच्याच रसात थोडी साखर घालून चार-पाच मिनिटं चांगले उकळायचे, नुसते गरम करून चालत नाही, फोडीच्या मध्यापर्यंत उष्णता पोचली पाहिजे म्हणून तुकडे लहान हवेत. मग पूर्ण गार करून वापरा, बिनधास्त. डबाबंद अननस आधीच तापवलेलं असतं त्यामुळे ते सरळ घातलं तरी चालतं. फ्रोझन अननस मात्र चालत नाही! थंडीने एन्झाइम मरत नाही, नुसतं झोपतं, आणि जेलीत घातलं की जागं होऊन कामाला लागतं.

किवी उकळली तर रंग आणि चव दोन्ही जातं, त्यामुळे किवी जेलीत घालूच नका, वाढायच्या आयत्या वेळी वरून चकत्या लावा, तेवढ्या वेळात काही बिघडत नाही.

आणि तो जो रस झालाय तो फेकू नका. गाळून घ्या, सगळा रस खळखळून उकळा म्हणजे उरलंसुरलं एन्झाइम संपेल, कोमट झाला की नव्याने फुलवलेलं जिलेटिन घाला, पूर्ण मापाने, कारण आधीचं गेलंच समजा.

मी गरम पाण्यातच जिलेटिन टाकते, वेळ वाचतो. पण गुठळ्या होतात आणि त्या काही केल्या मोडत नाहीत.

वेळ वाचत नाही, उलट जातो, ते तुम्हालाही कळलंच असेल. गरम पाणी लागलं की दाण्याची बाहेरची बाजू क्षणात चिकट होते, दाणे एकमेकांना चिकटतात आणि आतलं जिलेटिन कोरडंच राहतं, मग त्या बाहेरच्या थरातून पाणी आत जाऊच शकत नाही. म्हणून आधी गार द्रवात फुलवणं, त्याला पर्याय नाही. द्रव जिलेटिनच्या वजनाच्या निदान पाच पट हवा. आणि दुसरं टोकही नको, काही जण फुललेलं जिलेटिन गॅसवर ठेवून दहा-दहा मिनिटं उकळतात, त्याने त्याची पकड कमी होते. ५०-६० अंशाला ते छान विरघळतं, उकळी कशाला हवीय?

झालेल्या गुठळ्या गरम पाण्याच्या भांड्यावर ठेवून हळूहळू ढवळल्या तर बऱ्याच सुटतात, राहिल्या त्या गाळा. पण गाळलेलं जिलेटिन मापातून कमी झालं हे लक्षात ठेवा.

सगळी फळं एक तर तळाशी जाऊन बसतात नाहीतर वर तरंगतात. फोटोतल्या जेलीत ती मधोमध कशी राहतात?

फोटोवाल्यांनी थांबायचं कधी आणि घालायचं कधी हे बरोबर साधलेलं असतं, बाकी काही जादू नाही.

मिश्रण पातळ असताना घातलं की फळ आपल्या वजनाप्रमाणे जाणारच. सफरचंद, केळं, स्ट्रॉबेरी वर येतात, द्राक्षं खाली जातात, डबाबंद फळं पाकात मुरलेली असल्याने तीही बहुतेक खालीच. म्हणून मिश्रण आधी एकटंच फ्रिजमध्ये ठेवायचं आणि अर्ध्या तासाने बघायला लागायचं. ते कच्च्या अंड्यातल्या पांढऱ्या बलकासारखं झालं पाहिजे, भांडं कलंडवलं तर वाहतं पण आळसात, चमचा ओढला की मागे रेघ उमटते आणि सावकाश मिटते. हाच तो क्षण. याच्या आधी घातलं तर फळं पळतात, याच्या नंतर घातलं तर जेली फाटते आणि फळांभोवती हवेच्या पोकळ्या राहतात. हा क्षण पाच-दहा मिनिटांपुरता असतो, त्यामुळे फळं चिरून, पुसून, गार करून आधीच तयार पाहिजेत. पुसून हे मुद्दाम सांगतेय, ओल्या फळाचं पाणी जेलीत उतरतं आणि त्या फोडीभोवती ती सैल पडते, मग कापताना फोड नेमकी तिथूनच गळून पडते.

घाई असेल तर भांडं बर्फाच्या पाण्यात ठेवून ढवळत राहा, पंधरा-वीस मिनिटांत ही अवस्था येते, पण मग तिथून हलायचं नाही, कडेने भराभर घट्ट होतं आणि मधे पातळच राहतं. सफरचंद, केळं काळं पडू नये म्हणून चिरल्या चिरल्या लिंबाचा रस चोळा.

जिलेटिन शाकाहारी असतं का? आमच्याकडे चालत नाही. चायना ग्रासची जेली तशीच होते का? मी केली ती कडक झाली आणि दुसऱ्या दिवशी पाणी सुटलं.

जिलेटिन शाकाहारी नसतं. प्राण्यांची कातडी आणि हाडं यातल्या कोलॅजेनपासून ते काढतात, माशांचंही असतं. कुठल्या प्राण्याचं ते बदलतं, पण वनस्पतीचं जिलेटिन अशी काही गोष्ट नाही. ‘व्हेज जेली’ म्हणून जे मिळतं त्यात दुसरं काहीतरी असतं, बहुतेक वेळा अगार किंवा कॅराजिनन. घटकांच्या यादीत ४०६ दिसलं तर अगार, ४०७ दिसलं तर कॅराजिनन, दोन्ही समुद्री शेवाळापासूनची.

चायना ग्रास म्हणजे अगारच. पण त्याची जेली ‘तशीच’ होत नाही आणि व्हावी अशी अपेक्षाही धरू नका, तिचा स्वभावच वेगळा. जिलेटिनची जेली ३५ अंशाच्या आसपास वितळते, म्हणजे तोंडातल्या उष्णतेनेच, म्हणून ती जिभेवर विरघळते. अगारची जेली ३५-४० अंशाला सेट होते आणि मग ८५ अंशांपर्यंत वितळतच नाही! त्यामुळे ती फ्रिजबाहेरही जमते, भर उन्हाळ्यात टेबलावर ठेवली तरी तशीच उभी राहते, पण तोंडात विरघळत नाही, चावावी लागते, आणि तिचा तुकडा कट्‌कन मोडतो.

या गुणामुळे तिची एक मोठी गोष्ट झाली. १८८१ च्या सुमारास जर्मनीत रॉबर्ट कॉख यांच्या प्रयोगशाळेत जंतू वाढवायला जिलेटिन वापरायचे आणि ते गरमीत वितळायचं, वर काही जंतू ते पचवूनही टाकायचे (अननसाचाच प्रकार). तिथे काम करणाऱ्या वाल्टर हेसे यांच्या पत्नी फॅनी हेसे घरी जेली-पुडिंगमध्ये अगार वापरायच्या, त्यांनी सुचवलं हे वापरून बघा. ते इतकं जमलं की आजही जगभरच्या लॅबमध्ये काचेच्या बशीत अगारच असतं. स्वयंपाकघरातून लॅबमध्ये गेलेली गोष्ट, आणि तरी पुष्कळ ठिकाणी त्यांचं नावही कुणी घेत नाही, असो.

तुमची जेली कडक झाली म्हणजे अगार जास्त पडलं. ५०० मिलीला पावडर ४-५ ग्रॅम पुरते, साधारण दोन सपाट टीस्पून, मऊ हवी तर ३ ग्रॅमच घ्या. इथे जिलेटिनच्या बरोबर उलटं करायचं, उकळायचंच. पावडर गार पाण्यात मिसळून ढवळत ढवळत उकळी आणायची आणि मंद गॅसवर दोन-तीन मिनिटं ठेवायची. चायना ग्रासच्या काड्या असतील तर अर्धा तास भिजवून, मग सगळ्या दिसेनाशा होईपर्यंत शिजवायच्या आणि गाळून घ्यायच्या. आंबट रसात अगार उकळत ठेवलं तर त्याची पकड जाते, म्हणून ते साध्या पाण्यात शिजवा आणि गॅस बंद केल्यावर रसात मिसळा. तो रसही फ्रिजमधला गार नको, कोमट हवा, नाहीतर अगार रसाला लागताक्षणी सेट होतं आणि सगळीकडे तंतू-तंतू दिसतात.

पाणी सुटणं हा तिचा स्वभावच आहे, थोडं सुटणारच. साखर फार कमी केली असेल तर जास्त सुटतं. झाकून ठेवा, त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी संपवा. आणि खूश व्हा, अगार प्रोटीन नसल्याने कच्चं अननस, किवी, पपई काहीही घालता येतं, वरच्या सगळ्या भानगडीतून तुम्ही सुटलात.

जिलेटिनच्या शीट मिळाल्या, त्यावर गोल्ड असं लिहिलंय. पावडरीऐवजी किती घ्यायच्या? मागच्या वेळी अंदाजाने घातल्या तर जेली वातड झाली.

ब्राँझ, सिल्व्हर, गोल्ड, प्लॅटिनम अशा प्रती असतात, पुढची प्रत म्हणजे जिलेटिनची पकड जास्त. ही पकड ‘ब्लूम’ मध्ये मोजतात, ऑस्कर ब्लूम यांनी १९२५ मध्ये पेटंट घेतलेल्या यंत्रावरून ते नाव पडलं. ठरलेल्या मापाने केलेल्या जेलीत अर्ध्या इंचाचा दट्ट्या ४ मिलिमीटर आत जायला किती ग्रॅम जोर लागतो तो आकडा, साधारण ५० ते ३०० च्या मधला. गंमत म्हणजे भारी प्रतीची शीट वजनाला हलकी करतात, त्यामुळे कुठल्याही प्रतीच्या एका शीटचं काम जवळपास सारखंच होतं. म्हणून शीट वजनावर नाही, संख्येवर मोजायच्या, ५०० मिलीला पाच, ग्लासातल्या मऊ जेलीला चार.

शीट भरपूर गार पाण्यात पाच मिनिटं भिजवायच्या, हाताने पिळायच्या आणि गरम रसात टाकायच्या. पाणी कोमट असेल तर त्या भांड्यातच विरघळून जातात आणि तुम्ही शोधत बसाल कुठे गेल्या.

घरी एवढा खटाटोप करण्यापेक्षा तयार जेली क्रिस्टल बरे नाहीत का? खरं सांगा.

खरं सांगायचं तर वीस मिनिटांत हातावेगळं करायचं असेल तर तेच बरे, त्यात कमीपणा काही नाही. हे काही आजचंही नाही, पूर्वी जेली करायची म्हणजे हाडं-पाय तासन्‌तास उकळायचे, चरबी काढायची, गाळायचं, त्यामुळे ती श्रीमंतांच्या मेजावरच दिसायची. मग १८४५ मध्ये अमेरिकेत पीटर कूपर यांनी वाळवलेल्या जिलेटिनच्या जेलीचं पेटंट घेतलं, हेच गृहस्थ वाफेच्या इंजिनासाठीही प्रसिद्ध, आणि १८९७ मध्ये पर्ल वेट यांनी त्यात साखर, रंग, फळांचा स्वाद घालून जेलो काढलं. म्हणजे तुमच्या पाकिटाच्या घराण्याला सव्वाशे वर्षं होऊन गेली.

पण पाकिटात मुख्यतः साखर असते, बाकी रंग आणि स्वाद, फळ त्यात नावाला. रस विकतचा वापरला तरी घरच्या जेलीत निदान खराखुरा रस असतो आणि गोडी आपल्या हातात राहते. मधला मार्ग म्हणजे पाकिटावर सांगितलेल्या पाण्यापैकी जे गार पाणी शेवटी घालायचं असतं त्याऐवजी गार रस घाला. गरम पाण्याच्या जागी मात्र रस घालू नका, क्रिस्टल नीट विरघळायला ते पाणी हवंच. आणि हो, पाकीट जिलेटिनचं असेल तर कच्च्या अननसाचा नियम तिथेही लागू!

दोन रंगांचे थर करायचे होते. एकदा दोन्ही रंग मिसळले, पुढच्या वेळी थर वेगळे झाले पण वाढताना वरचा थर घसरून ताटलीत पडला.

दोन्ही वेळेला खालच्या थराचीच वेळ चुकली, आधी लवकर झालं, मग फार उशीर. खालच्या थराला बोट टेकवून बघा, बोट आत जाता कामा नये पण उचलताना किंचित चिकटलं पाहिजे. तेव्हाच दुसरा थर ओता. अगदी सुकी, गुळगुळीत जेली झाली की वरचा थर तिला धरतच नाही. तसं झालंच तर वरून काट्याने हलके ओरखडे काढून घ्या, थोडी पकड मिळते.

ओतायचा रस हाताला गार लागला पाहिजे पण वाहता हवा. गरम ओतला की खालचं वितळून रंग मिसळणार, तुमचं पहिल्यांदा तेच झालं. भांड्यातून धार सोडू नका, उलटा चमचा धरून त्याच्या पाठीवरून ओता म्हणजे खड्डा पडत नाही. दुधाचा पांढरा थर फार सुंदर दिसतो, दूध, थोडं कंडेन्स्ड मिल्क आणि त्याच मापाने जिलेटिन, फक्त गरम दुधात आंबट रस घालू नका, फाटेल. अगारचे थर करत असाल तर हिशोब उलटा, वरचा थर गरमच ओतायचा, नाहीतर दोन्ही जोडलेच जात नाहीत. ग्लास वाटीत तिरका ठेवून पहिला थर सेट केला तर तिरकी रेघ येते, पाहुण्यांना वाटतं फार कष्ट घेतलेत.

साच्यातून निघतच नाही. सुरी फिरवली तर कड तुटते.

सुरी ठेवून द्या. भरायच्या आधी साचा गार पाण्याने ओला करून पाणी झटकून टाका, पुसू नका. काढताना ओल्या बोटाने जेलीची कड आत ओढून सगळीकडून मोकळी करा, मग साचा गरम पाण्यात पाच ते दहा सेकंद बुडवा, हाताला सोसवेल इतकंच गरम, आणि पाणी कडेवरून आत येऊ देऊ नका. धातूच्या साच्याला पाच सेकंद बास, काच आणि जाड प्लास्टिकला जरा जास्त लागतात. ताटली ओली करा, म्हणजे जेली वाकडी पडली तरी सरकवून मधे आणता येते, साच्यावर पालथी घाला, दोन्ही घट्ट धरून उलटा आणि एक हलका झटका. नाही आली तर परत बुडवा, पण एकदम वीस-तीस सेकंद बुडवू नका, बाहेरचा थर वितळून नक्षी जाते.

सिलिकॉनच्या साच्याला नुसती कड ओढली तरी पुरतं.

नखं आणि केस चांगले होतात म्हणून रोज जेली खावी असं ऐकलं. आणि दीड वर्षाच्या मुलीला दिली तर चालेल का?

पहिल्याचं उत्तर, जेली आवडते म्हणून खा, औषध म्हणून नको. जिलेटिन प्रोटीन असलं तरी अपुरं, शरीराला बाहेरून घ्यावंच लागणारं ट्रिप्टोफॅन त्यात नसतं. आणि एका वाटीत असतं तरी किती, दोन-तीन ग्रॅम, त्याच्यापेक्षा साखर कितीतरी जास्त.

मुलीला द्यायची तर जिलेटिनची मऊ जेली, चमच्याने मोडून, समोर बसवून. चायना ग्रासची आणि कोंजॅकची (एका कंदाच्या पिठाची) कडक जेली तोंडात विरघळत नाही, तिचा तुकडा घशात अडकू शकतो, ती एवढ्या लहान मुलांना देऊ नका. छोट्या कपातली, चोखून ओढायची जेली तर मुळीच नको. आतली द्राक्षं अख्खी नकोत, उभी चिरून चार तुकडे करा. मुलांच्या जेलीत मी सफरचंदही कच्चं घालत नाही, वाफवून घालते.

फ्रीजरमध्ये ठेवली तर लवकर होईल ना? आणि उरलेली किती दिवस राहते?

फ्रीजरमध्ये नको. आत बर्फाचे स्फटिक होतात आणि ते जाळी फाडतात, मग बाहेर काढली की अर्धं पाणी आणि अर्धा चोथा. फारच घाई असेल तर पंधरा मिनिटं फ्रीजरमध्ये ठेवा, गजर लावून, आणि लगेच खाली आणा. त्यापेक्षा सरळ छोट्या वाट्यांत भरा, एका मोठ्या बाऊलला चार तास लागतात तिथे वाट्या दोन-अडीच तासांत होतात.

उरलेली झाकून फ्रिजमध्ये तीन दिवस चांगली राहते, केळं घातलं असेल तर दुसऱ्या दिवशीच संपवा. झाकण महत्त्वाचं, एक तर वरचा थर सुकून चिवट होतो आणि दुसरं म्हणजे फ्रिजमध्ये चिरलेला कांदा असेल तर त्याचा वास जेली पटकन ओढून घेते.